‘मुद्दाम करतोस’ म्हणणाऱ्या बायकोला काय सांगू?

ताई, मी ३६ वर्षांचा, पुण्यात अकाउंटंट आहे. लहानपणापासून वेंधळा. ‘हाताला भोकं पडलीत का?’ हे आईचं पालुपद. बुटाची नाडी बांधायला सहावीत शिकलो, गिअरची गाडी कधी जमलीच नाही. गेल्या श्रावणात सोसायटीच्या पंगतीत आमटी वाढताना एका काकांचा पांढरा झब्बा पिवळा केला. भाच्याच्या ऑक्युपेशनल थेरपिस्टकडे (रोजची कामं जमावीत म्हणून सराव करून घेतात ते) ‘डिस्प्रॅक्सिया’, म्हणजे हालचाली नीट जुळवता न येणं, हा शब्द कळला आणि वाटलं, हे माझंच वर्णन! बायकोला सांगितलं, तर म्हणाली, “वा, आळसालाही इंग्रजी नाव मिळालं. कामं टाळायला मुद्दाम करतोस तू.” तिला कसं पटवू?
– वेंधळा

वेंधळेराव,

नाव इंग्रजी आहे खरं, पण खूळ परदेशी नाही. आपल्या २०१६च्या दिव्यांग हक्क कायद्यात हा शब्द आहे, आणि मुंबईच्या केईएममध्ये ऑक्युपेशनल थेरपी १९५० पासून शिकवतात. तेव्हा आधी रीतसर तपासून घ्या. भाच्याच्या खुर्चीशेजारी बसून आपलं निदान होत नसतं. हा त्रास लहानपणापासूनचा असतो. तुमच्या नाडीच्या गोष्टीवरून तसं दिसतंय. मोठेपणी अचानक हातातून वस्तू पडायला लागल्या असत्या, तर आधी न्यूरॉलॉजिस्टकडे धाडलं असतं तुम्हाला.

यात हातात ताकद कमी नसते, डोकंही शाबूत असतं. आपण चहा ओततो तेव्हा मनगट किती वळवायचं याचा विचार करत नाही, ते आपसूक होतं. तुम्हाला तिथे लक्ष घालावं लागतं. त्यात बायकोने मागून विचारलं, “गॅसचं बिल भरलंस?” की लक्ष तिकडे आणि चहा ओट्यावर. संध्याकाळी तुम्ही जास्त सांडता ना? दिवसभर असं लक्ष पुरवून माणूस दमतो.

बरं, आता तुम्हाला न आवडणारं. तुम्ही पत्रभर पडलेल्या वस्तू मोजल्यात, पण घरातलं कुठलं काम पूर्ण तुमचं आहे ते लिहिलं नाहीत. कपबशा फुटतात म्हणून भांडी तिच्याकडे, चिरताना बोट कापतं म्हणून भाजी तिच्याकडे. सात-आठ वर्षं असं चाललं असेल, तर तिला आळस दिसणारच. मला तिचा राग कळतो.

म्हणून ‘पटवू कसं’ हे बाजूला ठेवा आणि कामं मागून घ्या. वॉशिंग मशीन, वाळत घालणं, घड्या, सगळं तुमचं. किराणा, बिलं, सोसायटीचे हिशेब तर तुमच्या हातचा मळ. भाजीसाठी दोरी ओढायचा चॉपर आणा. सुरी वापरायचीच, तर चिरायच्या पाटाखाली ओलं फडकं घाला, म्हणजे तो सरकत नाही. पातेलं वाकडं करून ओतू नका, डावाने वाढा. बुडाला रुंद असे स्टीलचे पेले घ्या, पाऊण भरा. कपबशीचा मान पाहुण्यांना राहू दे. फिरायला बिनगिअरची स्कूटर आहेच, तिच्यात कमीपणा कसला!

आणि थेरपिस्टकडे जाल तेव्हा मोघम ‘हात सुधारा’ म्हणू नका. जी दोन कामं जमायला हवीत तीच सांगा. त्याच कामाचे तुकडे पाडून, तेच पुन्हापुन्हा केलं की जमत जातं. डिस्प्रॅक्सिया मुळापासून जाईल असं मी सांगणार नाही. नुसते चेंडू दाबून पोळी लाटता येईल असंही नाही.

पहिल्या भेटीला बायकोला बरोबर न्या. तिने तिथे तुमच्या तक्रारी सांगाव्यात, मनमोकळ्या. तुम्ही मध्ये बोलायचं नाही. तिला एकच विनंती करा: हातात गरम काही असेल तेव्हा बिलाचं विचारू नकोस.

यंदा श्रावणात पंगत असेल तर आमटीची बादली दुसऱ्याला द्या. तुम्ही पापडाची परात घ्या.

– ताई