स्पिन ग्लासमध्ये करिअर: आधी कामाचा प्रकार निवड

प्रश्न: मी भौतिकशास्त्राच्या पदवीच्या तिसऱ्या वर्षाला आहे. जॉर्जो पारिसी यांना २०२१ चं नोबेल मिळालं तेव्हापासून स्पिन ग्लासबद्दल, म्हणजे ज्यात अणूंचे छोटे चुंबक वेड्यावाकड्या दिशांना गोठतात अशा पदार्थांबद्दल, जे मिळेल ते वाचते आहे. पुढे यातच संशोधन करावंसं वाटतं, पण रेप्लिकाची (एकाच नमुन्याच्या काल्पनिक प्रती धरून करायची) गणितं डोक्यावरून जातात. बाबा म्हणतात, एवढ्या अरुंद विषयात पोट कसं भरणार? सरळ डेटा सायन्सकडे वळ. माझ्याकडे साधा लॅपटॉप आहे. सुरुवात कुठून करू?

उत्तर: बाबांची शंका रास्त आहे. नुसत्या ‘स्पिन ग्लास’ या नावाने निघणाऱ्या जागा जगभरात मोजक्याच असतात, हे आधीच मान्य करून पुढे जाऊ. पण बाबा ज्या क्षेत्राचं नाव घेतात, त्याच्या पायातले काही दगड याच विषयातून आलेले आहेत. शेरिंग्टन आणि कर्कपॅट्रिक यांचं स्पिन ग्लासचं मॉडेल, ज्यात प्रत्येक स्पिन (छोटा चुंबक) बाकी सगळ्यांशी जोडलेला असतो, ते १९७५ चं. त्याच कर्कपॅट्रिक यांनी जेलाट आणि व्हेकी यांच्यासोबत १९८३ मध्ये सिम्युलेटेड अनीलिंग, म्हणजे संगणकात हळूहळू ‘थंड’ करत चांगलं उत्तर शोधण्याचं तंत्र, मांडलं, आणि ते आजही वेळापत्रकांपासून चिपच्या आराखड्यापर्यंत वापरलं जातं. हॉपफिल्ड यांच्या १९८२ च्या न्यूरल नेटवर्कमध्ये किती आठवणी मावतात, याचं उत्तर अमित, गुटफ्रॉइंड आणि सोम्पोलिन्स्की यांनी १९८५ मध्ये रेप्लिका पद्धतीनेच काढलं: न्यूरॉनच्या संख्येच्या साधारण ०.१३८ पट. तेव्हा ‘हे की डेटा सायन्स’ असा फाटा आत्ताच फोडायची गरज नाही. दोन्हीकडे संभाव्यताशास्त्र, रेषीय बीजगणित आणि चांगला प्रोग्रॅमिंगचा हात लागतो. पुढची दोन वर्षं या तिन्हींवर घातलीस तर कुठलंच दार बंद होत नाही.

खरा निर्णय वेगळा आहे. या विषयात तीन प्रकारची माणसं काम करतात आणि त्यांचे दिवस एकमेकांसारखे नसतात: प्रयोगशाळेत नमुना थंड करून मोजणारी, संगणकावर सिम्युलेशन करणारी आणि कागदावर सिद्धता लिहिणारी. विषयाचं नाव आवडलं म्हणून शिरलेली मुलं बहुधा इथेच अडखळतात. वाचलेलं असतं एका प्रकाराबद्दल आणि गाइड मिळतो दुसऱ्या प्रकारचा.

तू रेप्लिकापासून सुरुवात केलीस, म्हणून ती डोक्यावरून गेली. ती नंतर. आधी कागदावर एक चौकोन काढ. चार कोपऱ्यांवर चार स्पिन, प्रत्येक वर किंवा खाली. तीन बाजूंवर ‘दोघं एकाच दिशेला राहा’ असा बंध, चौथीवर ‘उलट राहा’. सगळ्या १६ रचना लिहून काढ. चारही बंध एकाच वेळी कधीच समाधानी होत नाहीत. समाधानी बंधाला उणे १ आणि असमाधानीला अधिक १ ऊर्जा धरली, तर किमान ऊर्जा उणे ४ ऐवजी उणे २ येते आणि ती एक-दोन नाही, तब्बल ८ रचनांना मिळते. चारही बंध सरळ असते तर तळाला फक्त २ रचना असत्या. याला फ्रस्ट्रेशन म्हणतात. तांब्यात काही टक्के मँगनीज मिसळलं की मँगनीजचे अणू वाटेल तिथे बसतात, त्यांच्यातल्या परस्परक्रियेचं चिन्ह अंतरानुसार बदलत राहतं, आणि असे असंख्य चौकोन एकमेकांत गुंततात. पुढचं सगळं अवघड गणित या आठ रचनांतून वाढलेलं आहे.

दुसरी पायरी सरासरीची, आणि नवख्यांची सर्वात मोठी चूक इथेच होते. बंध यदृच्छेने पडलेले असतात, पण एका नमुन्यात ते गोठलेले असतात. त्यामुळे पार्टिशन फंक्शनची (सगळ्या रचनांच्या ऊर्जेनुसार ठरणाऱ्या वजनांच्या बेरजेची) सरासरी काढून मग लॉगॅरिदम घ्यायचा नाही. आधी लॉगॅरिदम, मग नमुन्यांवर सरासरी. उलट क्रमाने काय होतं ते शेरिंग्टन-कर्कपॅट्रिक मॉडेलवर स्वतः करून बघ. दर स्पिनमागे एन्ट्रॉपी येते २ चा नैसर्गिक लॉगॅरिदम वजा, तापमानाच्या वर्गाच्या चौपटीने भागलेला १. तापमान (मॉडेलच्या एककांत) ०.६० च्या खाली गेलं की ही एन्ट्रॉपी ऋण होते. वेगळ्या स्पिन-रचना मोजताना हे अशक्य आहे, म्हणजे उत्तर चुकलं. रेप्लिका पद्धत लॉगॅरिदमची सरासरी काढण्यासाठीच आहे. सगळ्या प्रती सारख्या मानल्या तर शून्य तापमानाला एन्ट्रॉपी पुन्हा ऋण येते, उणे ०.१६ च्या आसपास. ते कोडं पारिसी यांनी १९७९-८० मध्ये प्रतींमधली समानता मोडून सोडवलं. या क्रमाने गेलीस तर रेप्लिका गरज म्हणून समोर येते आणि मग ती समजते.

आता लॉजिकली पुढचा प्रश्न: तुला यातलं कुठलं काम जमेल? सिम्युलेशन हा सर्वात स्वस्त चाचणीचा मार्ग आहे, म्हणून त्यावर सविस्तर लिहिते. एडवर्ड्स-अँडरसन मॉडेल घे: त्रिमितीय जाळी, शेजाऱ्यांपुरते बंध, बंधांची किंमत गाउसियन वितरणातून (सरासरी ०, प्रमाण विचलन १). बाजूची लांबी ४, ६ आणि ८ ठेव, म्हणजे ६४, २१६ आणि ५१२ स्पिन. कडा एकमेकींना जोडून घे. साधं मेट्रोपोलिस (एकेक स्पिन उलटवून बघण्याची पद्धत) कमी तापमानाला दरीत अडकतं आणि अडकलंय हे सांगतही नाही. म्हणून पॅरलल टेंपरिंग लाव: एकाच नमुन्याच्या १५ प्रती, ०.५ ते २.० दरम्यानच्या १५ तापमानांना, अधूनमधून शेजारच्या तापमानांची अदलाबदल. हे बदल साधारण २० ते ४० टक्के वेळा स्वीकारले गेले पाहिजेत. एखाद्या जोडीत ते ५ टक्क्यांवर आले तर त्या दोघांच्या मध्ये आणखी एक तापमान घाल, नाहीतर खालच्या आणि वरच्या प्रती एकमेकांना भेटतच नाहीत. आणि हे सगळं दोनदा चालव: बंध तेच, स्पिन आणि रँडम सीड वेगळे. या दोन प्रतींमधला ओव्हरलॅप, म्हणजे त्यांचे स्पिन किती जुळतात, हीच तुझी मुख्य मोजणी.

समतोल आला की नाही, हे ‘आलेख सपाट दिसतो’ यावरून ठरवू नकोस. गाउसियन बंधांसाठी एक नेमकी कसोटी आहे. दर स्पिनमागची सरासरी ऊर्जा ही उणे ३ भागिले तापमान, गुणिले (१ वजा लिंक-ओव्हरलॅप), इतकी असायलाच हवी; लिंक-ओव्हरलॅप म्हणजे शेजारच्या स्पिनच्या जोड्या दोन प्रतींत किती जुळतात ते. यादृच्छिक रचनेपासून सुरुवात केली की प्रत्यक्ष मोजलेली ऊर्जा वरून खाली येते आणि सूत्रातून काढलेली खालून वर चढते. दोन्ही रेषा जिथे मिळतात आणि मिळालेल्याच राहतात, त्यापुढचा डेटा वापरायचा, आधीचा टाकून द्यायचा. ही कसोटी नमुन्यांच्या सरासरीवर लागते, एकेकट्या नमुन्यावर नाही. बंध फक्त अधिक-उणे १ असे घेतले तर हे सूत्र चालत नाही, हेही विसरू नकोस.

एरर बार काढताना वेळेतल्या मोजण्या धरायच्या नाहीत, नमुने धरायचे. एका नमुन्यावर महिनाभर संगणक चालवला तरी तो एकच नमुना राहतो, आणि या विषयात नमुन्यागणिक फरक फार मोठा असतो. किमान काहीशे, शक्यतो हजार नमुने घे. शेवटी सहसंबंध-लांबी (एका स्पिनचा परिणाम किती दूरपर्यंत जाणवतो) भागिले बाजू, हे गुणोत्तर तापमानाविरुद्ध काढ. तिन्ही आकारांच्या रेषा ०.९५ च्या आसपास एकमेकींना छेदायला हव्यात; तेच संक्रमणाचं, म्हणजे स्पिन गोठण्याचं, तापमान. छोट्या आकारांमुळे छेद थोडा सरकेल, ते स्वाभाविक आहे. द्विमितीय जाळीवर हाच प्रयोग केलास तर धन तापमानाला छेद मिळणार नाही, कारण तिथे संक्रमण शून्य तापमानालाच आहे. तुझा प्रोग्रॅम बरोबर आहे का, याची ही उत्तम उलटतपासणी.

लॅपटॉप पुरतो. सी प्लस प्लसमध्ये नीट लिहिलेला प्रोग्रॅम एका कोअरवर सेकंदाला सुमारे ५ कोटी स्पिन-बदल तपासतो असं धर. बाजू ६ ला, ३० प्रती (१५ तापमानं, दोनदा) आणि १ लाख स्वीप (सगळ्या स्पिनवरून एकेक फेरी) म्हणजे एका नमुन्याला १३ सेकंद. हजार नमुने चार तासांत. बाजू ८ ला १० लाख स्वीप लागले तर हजार नमुन्यांना साडेतीन दिवस. शुद्ध पायथॉनमध्ये हेच गणित शंभरपट लांबतं, म्हणून तिथे आतला लूप तरी कंपाइल करून घे.

हे करताना तुला प्रोग्रॅमपेक्षा ‘ही कसोटी खरी कशी?’ याचीच ओढ लागली, तर तुझा कल गणिताकडे आहे. त्या कसोटीमागे गाउसियन इंटिग्रेशन बाय पार्ट्स आहे, आणि ग्वेरा यांनी २००३ मध्ये शेरिंग्टन-कर्कपॅट्रिक मॉडेलसाठीच्या पारिसींच्या सूत्राची एक बाजू सिद्ध केली ती हेच हत्यार घेऊन. दुसरी बाजू टालाग्रां यांनी पूर्ण केली, ती २००६ मध्ये प्रसिद्ध झाली. २०२४ चा आबेल पुरस्कारही त्यांना मिळाला. या वाटेसाठी मेझर थिअरीवर आधारलेलं संभाव्यताशास्त्र अटळ आहे. भौतिकशास्त्राच्या पदव्युत्तर अभ्यासक्रमात ते सहसा नसतं, म्हणून गणित विभागातून वेगळा पेपर घ्यावा लागेल. सरावासाठी डेरिडा यांचं रँडम एनर्जी मॉडेल घे, ज्यात प्रत्येक रचनेची ऊर्जा स्वतंत्रपणे यदृच्छेने ठरते; ते हाताने पूर्ण सुटतं.

प्रयोगाची वाट निवडलीस तर कौशल्य वेगळं. नमुना चुंबकीय क्षेत्राविना थंड करून मोजायचा, मग क्षेत्रात थंड करून; दोन वक्र जिथे फाटतात तिथे गोठण असू शकते. ‘असू शकते’ असं म्हणते, कारण सूक्ष्म चुंबकीय कणही तसाच फाटा दाखवतात. म्हणून एसी ससेप्टिबिलिटीचं (आलटत्या चुंबकीय क्षेत्राला नमुना देतो त्या प्रतिसादाचं) शिखर वारंवारतेनुसार किती सरकतं ते पाहतात: तांबं-मँगनीजमध्ये वारंवारता दसपट केली की जेमतेम अर्धा टक्का, एकमेकांशी न बोलणाऱ्या कणांत त्याच्या अनेक पट. सुपरकंडक्टिंग मॅग्नेटमध्ये उरलेलं थोडंसं क्षेत्रही पहिला वक्र बिघडवतं. थंड करण्याचा वेग आणि थांबण्याचा वेळ वहीत नोंदला नाही तर मोजणी वाया, कारण हे पदार्थ वय धरतात, म्हणजे थांबण्याच्या वेळेनुसार त्यांचं वागणं बदलतं. ही शिस्त येणाऱ्याला मटेरिअल्सच्या कुठल्याही प्रयोगशाळेत काम मिळतं.

पदव्युत्तर प्रवेशाच्या आधी चौकोन, एन्ट्रॉपी आणि बाजू ४ व ६ चं सिम्युलेशन, एवढं पुरं कर. गाइडला मेल लिहिताना ‘मला स्पिन ग्लास आवडतो’ असं लिहू नकोस. समतोलाच्या त्या दोन रेषांचा आलेख जोड, नमुने किती घेतले ते लिही आणि कुठे अडलीस तो एक नेमका प्रश्न विचार. बाबांनाही तोच आलेख दाखव आणि प्रोग्रॅममधला कुठला भाग डेटा सायन्सच्या कामात जसाच्या तसा लागतो, ते त्यांच्यासमोर बसून सांग.