हजेरीपटावर आठ, शेडमध्ये अकरा

प्रश्न: नाशिकच्या अंबड एमआयडीसीत माझी छोटी शेड आहे. इलेक्ट्रिक पॅनेलला लागणारे पत्र्याचे भाग बनवतो. हजेरीपटावर आठ माणसं आहेत, तीन हेल्पर ठेकेदाराकडून येतात. पत्नी भागीदार आहे, हिशेब तीच बघते. सप्टेंबर 2025 मध्ये एका हेल्परचं बोट पॉवर प्रेसमध्ये गेलं. दवाखान्याचा सगळा खर्च मी केला. आता ईएसआयची (कामगार राज्य विमा योजनेची) सी-18 नोटीस आली असून एप्रिल 2023 पासूनची वर्गणी मागितली आहे. आमचे अकाउंटंट म्हणतात, वीस माणसांच्या आत काही लागत नाही, शिवाय आपण लघुउद्योगांच्या 'उद्यम' नोंदणीत सूक्ष्म उद्योग आहोत. उत्तर द्यावं की गप्प बसावं? आणि भरावंच लागलं, तर कामगारांच्या पगारातून हप्त्याने कापू का?

उत्तर: गप्प मात्र बसू नका. उत्तर आलं नाही की अधिकारी त्यांच्या अंदाजाने आकडा ठरवून आदेश काढतात. तो अंदाज तुमच्या सोयीचा नसतो.

वीस हा आकडा भविष्य निर्वाह निधीचा. ईएसआयसाठी कारखान्याला दहा माणसं पुरतात. विजेवर चालणाऱ्याला दहा आणि विजेविना चालणाऱ्याला वीस, हा जुना भेद 2010 च्या दुरुस्तीत गेला. तुमच्याकडे पॉवर प्रेस आहे, म्हणजे तो भेद तसाही तुमच्या कामाचा नव्हता. 21 नोव्हेंबर 2025 पासून ईएसआयच्या 1948 च्या कायद्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता आली. तिथेही दहाच. उद्यम प्रमाणपत्राचा या मोजणीशी काही संबंध नाही.

आता मोजणी करू. पत्नी भागीदार असल्याने कर्मचारी धरली जात नाही. भागीदार हा कर्मचारी नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने 1984 मध्येच रामानुज मॅच इंडस्ट्रीजच्या निकालात स्पष्ट केलं आहे. ठेकेदाराचे तीन हेल्पर मात्र मोजले जातात, कारण ते तुमच्या शेडमध्ये तुमचंच काम करतात. आठ आणि तीन, अकरा. महिना एकवीस हजारांहून जास्त पगार घेणारा फोरमन असेल तर त्याची वर्गणी लागत नाही, पण डोकं मोजताना तोही धरतात. जुन्या कायद्यात मागच्या बारा महिन्यांत एखाद्या दिवशी जरी दहा भरले, तरी कारखाना कायद्याखाली आला. एकदा आला की पुढे माणसं कमी झाली म्हणून सुटका नाही. तेव्हा 'कायदा आम्हाला लागूच नाही' यावर भांडण्यात पैसे घालवू नका. ती बाजू लंगडी आहे.

भांडायचं ते तारखेवर आणि आकड्यावर. दहावा माणूस शेडमध्ये नेमका कधी आला? ठेकेदाराचे तिघे 2024 मध्ये आले असतील आणि त्याआधी आठच जण होते, तर एप्रिल 2023 पासूनची मागणी टिकत नाही. त्यासाठी ठेकेदाराची बिलं, हजेरीपट आणि बँकेचं स्टेटमेंट एकत्र लावून दाखवा.

आकड्याची गोष्ट जरा खोलात सांगतो, कारण छोट्या कारखानदाराचा जास्तीत जास्त पैसा इथेच जातो. अधिकारी तुमची खातेवही उघडतात. 'लेबर चार्जेस' या एकाच खात्यात ठेकेदाराची मजुरी, बाहेरून करून आणलेलं पावडर कोटिंग, प्लेटिंगचं जॉबवर्क, गाडीतून माल उतरवणाऱ्याचं व्हाउचर असं सगळं कोंबलेलं असतं. तुम्ही वेगळं करून दाखवलं नाही, तर त्या सगळ्या रकमेवर वर्गणी लागते. सातपूरच्या प्लेटिंगवाल्याने त्याच्या जागेत, त्याच्या माणसांकडून केलेलं काम ही तुमची मजुरी नव्हे. प्रत्येक बिल शोधा, जीएसटी क्रमांकासह फाइल करा आणि तीन वर्षांचा तक्ता करून सुनावणीला द्या. अकाउंटंटला 'वीस' सांगितल्याचं प्रायश्चित्त म्हणून हे काम द्यायला हरकत नाही.

दर 1 जुलै 2019 पासून मालकाचा 3.25 टक्के आणि कामगाराचा 0.75 टक्के आहे. पंधरा हजारांच्या पगारावर तुमचे 488 आणि त्याचे 113 रुपये. थकबाकीवर वर्षाला 12 टक्के व्याज लागतं, ते चुकत नाही. दंडरूपी नुकसानभरपाईचं तसं नाही. ती आपोआप लावता येत नाही, परिस्थिती पाहून कमी करता येते, असं एचएमटी कंपनीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयात 2008 मध्ये ठरलं आहे. तिची नोटीस वेगळी येईल, तेव्हा तसं लेखी मांडा.

आणि नाही, मागची रक्कम कामगारांच्या पगारातून कापता येणार नाही. ज्या काळाची वर्गणी, त्याच काळाच्या पगारातून कपात करता येते. तो पगार तुम्ही कधीच वाटून टाकलात. थकबाकीचे पूर्ण चार टक्के तुमच्या खिशातून जातील. ठेकेदाराच्या तिघांचे पैसे मात्र त्याच्या बिलातून वसूल करता येतात. त्याच्याकडे स्वतःचा ईएसआय कोड आणि या तिघांची नावं असलेली चलनं असतील, तर त्यांच्यासाठी दुसऱ्यांदा भरायचं कारण नाही.

आदेश विरुद्ध गेलाच, तर साठ दिवसांत अपील करता येतं. त्यासाठी आधी पंचवीस टक्के भरावे लागतात.

मला खरी काळजी त्या हेल्परची वाटते. तुम्ही दवाखान्याचा खर्च केलात हे चांगलंच केलंत, पण त्याचा हक्क त्याने संपत नाही. कामावरच्या अपघाताच्या लाभासाठी आधी अमुक महिने वर्गणी भरलेली असावी अशी अट नाही. कामावर येता आलं नाही त्या दिवसांचा सरासरी पगाराच्या 90 टक्के भत्ता आणि बोट गेल्याने आलेल्या कायम अपंगत्वाचा लाभ, हे दोन्ही त्याला मागता येतात. तुमची नोंदणी नव्हती म्हणून ईएसआय महामंडळ ते देऊन तुमच्याकडून वसूल करू शकतं. ठेकेदाराकडे आजच चौकशी करा. त्याने त्या मुलाचं नाव भरलेलं असेल, तर तुमच्यावरचा हा बोजा उतरतो. नसेल, तर नोंदणी करून अपघाताचा अहवाल उशिरा का होईना पाठवा, दवाखान्याचे मूळ कागद त्याच्या हाती द्या आणि अपंगत्व ठरवणाऱ्या मेडिकल बोर्डापुढे जायला सांगा. 'माझं काही येणं नाही' असं त्याच्याकडून लिहून घेतलं असेल, तर तो कागद तुम्हाला वाचवणार नाही; सुनावणीत तो पुढे करू नका.