हॅमचं हाड फेकू नकोस!

प्रश्न: ताई, मी ओहायोत शिकायला आलेय. घरमालकीणबाईंनी ईस्टरचं उरलेलं हॅमचं (डुकराच्या खारवलेल्या मांडीचं) हाड दिलंय, म्हणाल्या बीन सूप कर. पण कसं? बजेट टाइट, कुकरही नाहीये.

उत्तर: अगं लॉटरीच लागली की तुला! हे तिकडचं काटकसरीचं सूप, पण वॉशिंग्टनला सिनेटच्या रेस्टॉरंटमधे पण रोज मिळतं बरं का. नेव्ही बीन्स, म्हणजे बारीक पांढऱ्या, त्यांचं एक पाउंडाचं (साधारण ४५० ग्रॅम) पाकीट आण, डबा नको, सुक्याच स्वस्त पडतात. रात्रभर भिजव, आपण छोले भिजवतो तसंच. सकाळी पाणी बदल आणि मोठ्या पातेल्यात हाड, बीन्स, दोन तमालपत्रं, वर चार बोटं पाणी, मग मंद आचेवर दीड-दोन तास नुसतं रटरटू दे, मधेमधे बघत राहा, पाणी आटलं तर गरमच घाल. कांदा, गाजर, सेलरी बटरवर परतून शेवटच्या अर्ध्या तासात. मीठ मात्र आधी अजिबात नको! हॅम मुळातच खारट, मी पहिल्यांदा सवयीने टाकलं आणि अख्खं पातेलं वाया. टोमॅटो हवाच असेल तर बीन्स मऊ झाल्यावर, आंबटाने त्या लवकर शिजत नाहीत. शेवटी हाडाला चिकटलेलं मांस सोडवून परत टाक, दोन डाव बीन्स घोटून घे, मस्त दाट होतं.

आणि हो, राजमा वापरलास तर आधी १० मिनिटं खळखळून उकळ, स्लो कुकरमधे (मंद आचेवर तासन्‌तास शिजवणारं विजेचं भांडं) डायरेक्ट नको, कच्चट राजम्याने पोट जाम बिघडतं.