मुलगा बारका आहे, फुटबॉल सोडायचा का?

गेल्या अंकात क्रोएशियाचा फुटबॉलपटू लुका मॉड्रिच याच्यावर दोन ओळी काय लिहिल्या, पत्रांचा ढीग पडला. म्हणून हा अंक त्यालाच दिला आहे. पत्रं आटोपशीर केली आहेत. काहींनी नाव छापू नका असं कळवलं होतं, मग सगळ्यांचीच नावं गाळली.

माझा मुलगा आठवीत आहे. मधल्या फळीत खेळतो, अंगाने अगदी बारका. शाळेच्या निवडचाचणीत सरांनी ‘पुढच्या वर्षी वाढलास की ये’ म्हणून परत पाठवलं. तो म्हणतो, मॉड्रिचलाही असंच परत पाठवलं होतं. हे खरं, की मोबाईलवरची गोष्ट? प्रोटीन पावडर सुरू करावी का? – एक आई, इंदिरानगर

ताई, पावडरचं आधी सांगतो. नको. वरण-भात, भाकरी-भाजी, शेंगदाणे, घरात चालत असतील तर अंडी, आणि रात्री दहाला मोबाईल बंद. उंचीची फारच काळजी वाटली तर बालरोगतज्ज्ञांना दाखवा, जिमच्या दुकानदाराला नको.

गोष्ट मात्र खरी आहे. मॉड्रिचचा जन्म १९८५ चा, क्रोएशियातल्या झादरचा. तिथल्या किनारपट्टीवरचा मोठा क्लब म्हणजे हायदुक स्प्लिट. त्यांनी त्याला बघितलं आणि अंगात काही नाही म्हणून परत पाठवलं. त्याच्या आधीचं आयुष्य तर ऐकवत नाही. १९९१ च्या डिसेंबरात, क्रोएशियात युद्ध पेटलेलं आणि पोरगा सहा वर्षांचा असताना, त्याच्या आजोबांना सर्ब बंडखोरांनी गोळ्या घालून मारलं. त्याचं ‘लुका’ हे नाव त्या आजोबांचंच. कुटुंब गावाकडचं घर सोडून झादर शहरात आलं आणि निर्वासित म्हणून हॉटेलात राहिलं. वडील सैन्यात, आई शिवणकामाच्या कारखान्यात. शहरावर तोफा चालायच्या आणि हा हॉटेलच्या पार्किंगमध्ये बॉल मारत बसायचा.

पण तुमच्या चिरंजिवांनी गोष्ट अर्धीच वाचलेली दिसते. ‘नाही’ ऐकलं म्हणून कोणी मॉड्रिच होत नाही. नाहीतर नाशिकमध्ये आज गल्लोगल्ली मॉड्रिच दिसले असते. हायदुकने नाकारल्यावरही तो खेळत राहिला, हे महत्त्वाचं. झादरच्या क्लबमध्ये तोमिस्लाव बाशिच नावाचे प्रशिक्षक होते, त्यांनी पोराला धरून ठेवलं. सोळाव्या वर्षी तो राजधानीतल्या दिनामो झाग्रेब या क्लबकडे गेला. तिथेही लगेच पहिल्या संघात घेतलं नाही. अठराव्या वर्षी बोस्नियात, मोस्तारच्या झ्रिन्स्की क्लबकडे उसना पाठवला. ती लीग म्हणजे धसमुसळा खेळ. पाय आधी, बॉल नंतर. तिथे हे काडीपैलवान लीगमधले सर्वोत्तम खेळाडू ठरले.

आता तुमच्या सरांची बाजू. मी नोकरीभर नाशिकरोडच्या शाळेत पी.टी. शिकवली, त्यामुळे आतली गोष्ट सांगतो. डीएसओच्या, म्हणजे जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांच्या, शालेय स्पर्धेत सामने आखूड, मैदान निम्मं मुरमाचं. तिथे जो लांब मारतो आणि खांद्याने ढकलतो, तो सामना काढून देतो. आठवीच्या एकाच वर्गात एकाला मिसरूड फुटलेली असते आणि दुसऱ्याचा आवाजही फुटलेला नसतो. सरांना कप यंदा हवा असतो, म्हणून निवड मिसरुडाची होते. इंग्लंडमधल्या काही अकादमींनी यावर तोड म्हणून जन्मतारखेऐवजी शरीराची वाढ बघून मुलांचे गट पाडले आणि तसे सामने खेळवून पाहिले. आपल्याकडे ते येईल तेव्हा येईल.

तोवर पोराला बाकावर बसवू नका. शाळेच्या संघात बदली खेळाडू म्हणून शेवटची पाच मिनिटं मिळण्यापेक्षा कॉलनीतल्या पोरांत रोज तासभर बॉल पायाला लागलेला बरा. आणि एक काम तुम्ही स्वतः करा. मैदानाच्या कडेला उभं राहून फक्त त्याची मान बघा. बॉल त्याच्याकडे यायच्या आधी तो मागे वळून बघतो का? बघत असेल तर उंचीची चिंता सोडा. बघत नसेल तर ते शिकवता येतं, आणि बारक्या पोराला ते लवकर शिकावंच लागतं. धक्का बसायच्या आत बॉल सोडायचा तर तो कुठे सोडायचा हे आधी ठरलेलं हवं.

जाता जाता, मॉड्रिच पाच फूट आठ इंच आहे. आमच्या घराण्यात तो उंच म्हणून गणला गेला असता.

सर, राग मानू नका, पण स्पेनच्या रेयाल माद्रिद क्लबकडे जवळपास ६०० सामने आणि गोल पन्नासही नाहीत. अशा खेळाडूला २०१८ चं बॅलन डिओर, म्हणजे वर्षातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूचा पुरस्कार? वर्ल्ड कपची हवा होती, एवढंच ना? – बी.कॉम.चा विद्यार्थी, कॉलेजरोड

राग कसला. माद्रिदमध्येही लोक हेच म्हणत होते. २०१२ मध्ये तो इंग्लंडच्या टॉटनहॅम क्लबकडून तिथे गेला आणि वर्ष संपायच्या आत एका स्पॅनिश क्रीडा दैनिकाच्या वाचकांनी त्याला हंगामातली सगळ्यात वाईट खरेदी ठरवलं. तो माणूस तेरा हंगाम टिकला आणि २८ करंडक घेऊन बाहेर पडला. त्यात चॅम्पियन्स लीग, म्हणजे युरोपातल्या क्लबांची सगळ्यात मोठी स्पर्धा, सहा वेळा.

२०१८ ची हवा म्हणतोस, तर ती तयार कोणी केली? त्या वर्ल्ड कपमध्ये क्रोएशियाचा डेन्मार्कविरुद्ध सामना, जादा वेळ संपत आलेला, १-१ बरोबरी. मॉड्रिचने पेनल्टी मारली आणि डेन्मार्कचा गोलरक्षक श्मायकेलने अडवली. दहा वर्षांपूर्वी, २००८ च्या युरोत, म्हणजे युरोपातल्या देशांच्या स्पर्धेत, तुर्कस्तानविरुद्धच्या शूटआऊटमध्येही त्याची पेनल्टी हुकली होती. काही मिनिटांनी पुन्हा शूटआऊट, समोर तोच श्मायकेल. हा पुन्हा बॉल उचलून गेला आणि गोल केला. पुढे रशिया, इंग्लंड, दोन्ही सामने परत जादा वेळेत. अंतिम सामना फ्रान्सने ४-२ जिंकला, पण स्पर्धेचा सर्वोत्तम खेळाडू हाच.

तरी गोल मोजत बसायचं असेल तर १२ एप्रिल २०२२ चा, चॅम्पियन्स लीगमधला इंग्लंडच्या चेल्सीविरुद्धचा सामना काढ. निकाल दोन सामन्यांच्या गोलांच्या बेरजेवर. पहिला सामना माद्रिदने ३-१ जिंकलेला, पण या रात्री घरच्या मैदानावर ०-३ मागे, म्हणजे एकूण ३-४. दहा मिनिटं उरलेली. बॉल मॉड्रिचकडे डावीकडे, गोलपासून बराच लांब. उजव्या पायाच्या बाहेरच्या कडेने त्याने तो बचावफळीच्या डोक्यावरून असा वळवला की पलीकडून धावत आलेल्या, त्याच्याच संघातल्या रॉड्रिगोच्या बुटावरच उतरला. जमिनीला न टेकता गोल. गोलच्या यादीत नाव रॉड्रिगोचं. रेयाल पुढे गेलं आणि त्या वर्षीचा कपही घेतला. पास थांबवून थांबवून बघ. सगळे बॉलकडे बघत असतात आणि मॉड्रिचचं बघून आधीच झालेलं असतं. तुझ्या वयाची पोरं त्या कडेच्या पासची टर्फवर नक्कल करतात आणि बॉल जाळीबाहेर घालवतात. कारण नक्कल पायाची होते, मानेची होत नाही.

वय ४१, रविवारी टर्फवर खेळतो. तिसऱ्या मिनिटाला धाप लागते. मॉड्रिच चाळिशीत कसा खेळतो? – अंबडमधल्या कारखान्यातला एक सुपरवायझर

साहेब, तो आठवडाभर तेच काम करतो, तुम्ही आठवडाभर शिफ्ट करता. त्याचं अंग पहिल्यापासून हलकं, त्यामुळे गुडघ्यांवर भार कमी. शिवाय तो धावतो ते नेमकं. तरी २०१४ च्या नोव्हेंबरात मांडीला दुखापत होऊन तो महिनोन्‌महिने बाहेर होता, म्हणजे देवाने त्यालाही वेगळं काही दिलेलं नाही. २०२४ च्या युरोत इटलीविरुद्ध त्याची पेनल्टी अडवली गेली आणि मिनिटभराच्या आत त्याने गोल केला, वयाच्या ३८ व्या वर्षी. युरोतला सगळ्यात वयस्कर गोलकर्ता ठरला. २०२५ मध्ये माद्रिद सोडून इटलीच्या मिलान क्लबकडे गेला.

तुम्ही गाडीतून उतरून थेट मैदानात शिरू नका. पंधरा मिनिटं अंग मोकळं करा, मगच बुटांच्या नाड्या आवळा. आणि शनिवारी रात्रीचं जरा आवरा. पत्रात तुम्ही लिहिलं नाही, पण मला सुपरवायझर माहीत आहेत.

सगळं कौतुकच चाललंय. त्याच्या कोर्टाच्या भानगडीचं का लिहीत नाही? – निवृत्त सैनिक, देवळाली कॅम्प

लिहितो की. दिनामो क्लबच्या माजी प्रमुखावर खेळाडूंच्या विक्रीतले पैसे लाटल्याचा खटला होता. २०१७ मध्ये मॉड्रिच साक्षीला गेला आणि आधीच्या जबाबापेक्षा वेगळं बोलला. अनेक प्रश्नांना उत्तर एकच, आठवत नाही. लोक भडकले. झादरमध्ये तो निर्वासित म्हणून राहिला होता, तिथल्या हॉटेलच्या भिंतीवर त्याच्याविरुद्ध मजकूर रंगवला गेला. खोट्या साक्षीचा आरोपही ठेवला गेला, पण पुढे तो रद्द झाला. वर्ल्ड कपनंतर तीच माणसं झाग्रेबच्या रस्त्यांवर त्याच्या स्वागताला लोटली. आरोप रद्द झाला म्हणजे तो निर्दोष, हे मला मान्य. पण ‘आठवत नाही’ ऐकून मलाही बरं वाटलं नव्हतं, आणि अजून वाटत नाही.

नाशिकमधून असा खेळाडू निघेल का? – नगरसेवक व्हायची इच्छा असलेला एक वाचक, पंचवटी

अख्ख्या क्रोएशियाची लोकसंख्या २०२१ च्या जनगणनेत ३९ लाखांच्या आत. आपल्या जिल्ह्याची २०११ मध्येच ६१ लाख. तेव्हा माणसं कमी पडतात असं म्हणता येणार नाही. निवडून आलात तर वॉर्डातलं एक मैदान लग्नाच्या मांडवांना आणि प्रदर्शनांना द्यायचं बंद करा. संध्याकाळी पाच ते सात फक्त पोरांना. दिवे लावलेत तर आठपर्यंत.