लंडनला अभिनयासाठी यायचंय, असं विचारलंत म्हणून

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: पुण्यात दहा वर्षं प्रायोगिक नाटकं, दोन मालिका, वय ३३, घरी नवरा आणि सहा वर्षांची मुलगी. लंडनला वर्षभराचं अभिनयाचं एम.ए. करायचं आणि मग तिथल्याच नाटकांत, टीव्हीवर पाय रोवायचे. जमेल का? वाचल्या वाचल्या उत्तर लिहायला बसलो, म्हणजे हा विषय माझ्याही डोक्यातून गेलेला नाही.

व्हिसाची फी किती, बँकेत किती पैसे दाखवायचे, हे ब्रिटिश सरकारच्या संकेतस्थळावर आहे. तिथेच असूनही कुणी नीट वाचत नाही ती अट सांगतो. स्टुडंट व्हिसावर व्यावसायिक कलाकार म्हणून काम करता येत नाही आणि स्वयंरोजगारही चालत नाही. सत्र चालू असताना आठवड्याला २० तास कॉफी विका, पण ज्यासाठी आलात ते करू नका, असा मामला. पदवी संपल्यावर मिळणाऱ्या ग्रॅज्युएट व्हिसावर ही बंदी उठते, मात्र मुदत दोन वर्षांची. १ जानेवारी २०२७ पासून अर्ज करणाऱ्यांना दीडच वर्ष. शिवाय २०२४ पासून अशा एम.ए.साठी येणाऱ्यांना नवरा-मुलं सोबत आणता येत नाहीत.

म्हणून माझं मत: एम.ए. नको, ग्लोबल टॅलेंट व्हिसाचा, म्हणजे नावाजलेल्या किंवा होतकरू कलाकारांना मिळणाऱ्या व्हिसाचा प्रयत्न करा. नाटकवाल्यांच्या अर्जाची पारख आर्ट्स कौन्सिल इंग्लंड ही तिथली कलांसाठीची सरकारी संस्था करते. टीव्ही-चित्रपटांची वाट वेगळी आणि ती मुख्यतः पुरस्कारांवर चालते. तीन शिफारसपत्रं आणि जास्तीत जास्त दहा पुरावे, तेही गेल्या पाच वर्षांतले. आपले अर्ज इथेच फसतात. परीक्षणाचं कात्रण असतं, पण वर्तमानपत्राचं नाव आणि तारीख कापली गेलेली. पोस्टरवर तुमचा फोटो असतो, नाव नसतं. शिफारसपत्रात 'अत्यंत गुणी आणि नम्र' एवढंच. कोणती भूमिका, किती प्रयोग, कुठे, याचा पत्ता नाही. मराठी कागदाला भाषांतर जोडताना भाषांतरकाराचं नाव, सही, तारीख आणि संपर्क हवाच. हे काम सहा महिन्यांचं आहे, आजच सुरू करा.

आता करिअर. नट डेव्हिड सुशे आपल्याकडे 'प्वारो', म्हणजे अगाथा ख्रिस्तीचा टीव्हीवरचा गुप्तहेर, म्हणून माहीत. लाम्डा या लंडनच्या नाट्यशाळेतून शिकून त्यांनी १९६९ मध्ये चेस्टरच्या छोट्या गेटवे थिएटरात सुरुवात केली, १९७३ मध्ये रॉयल शेक्सपिअर कंपनीत गेले, आणि प्वारो मिळाला १९८९ मध्ये, वयाच्या ४२व्या वर्षी. पुढे २०१३ पर्यंत त्याचे ७० भाग झाले, पण मधल्या काळात रंगमंच सुटला नाही: १९९८ मध्ये 'अमॅडेअस' नाटकातला सॅलिएरी, २०१५ मध्ये चक्क ऑस्कर वाइल्डच्या नाटकातली लेडी ब्रॅकनेल. इथल्या नटाचा आलेख असाच असतो. टीव्हीने ओळख मिळते, नाटकाने हात चालू राहतो, आणि दोन्हींच्या मध्ये रिकामे महिने.

ती शिडी आता पूर्वीसारखी राहिलेली नाही. गावोगावच्या रेपर्टरी कंपन्या, म्हणजे ठरलेल्या नटसंचात एकामागून एक नाटकं करणाऱ्या मंडळ्या, विरळ झाल्या. टीव्हीवर पहिलं काम हमखास देणाऱ्या मालिकाही गेल्या: 'होल्बी सिटी' २०२२ मध्ये, 'डॉक्टर्स' २०२४ मध्ये बंद. त्यामुळे अंडरस्टडीच्या, म्हणजे मुख्य नटाच्या जागी उभं राहायला तयार असलेल्या बदली नटाच्या कामाला नाक मुरडू नका. आठवड्याचा पगार ठरलेला असतो, आणि मोठ्या नटाचं काम विंगेतून रोज बघायला मिळतं.

नाव आत्ताच तपासा. इक्विटी या नटांच्या संघटनेत एकाच नावाचे दोन सभासद चालत नाहीत; 'डॉक्टर हू'वाल्या डेव्हिड मॅकडोनाल्डला डेव्हिड टेनंट व्हावं लागलं ते त्यामुळेच. आपल्या जोशी-कुलकर्ण्यांनी सावध राहावं.

'नाईट'वर, म्हणजे दर प्रयोगामागे मानधन घ्यायची सवय विसरा. वेस्ट एंडला आठवड्याला आठ प्रयोग, त्यातले दोन दिवस दुपारचाही. 'हाफ' म्हणजे अर्धा तास हा आपला समज. प्रत्यक्षात ती पडदा वर जाण्याआधी ३५ मिनिटांची हाक असते. पाच मिनिटं आधी 'बिगिनर्स' म्हणतात, म्हणजे पहिल्या प्रवेशातल्या नटांनी आपापल्या जागी उभं राहायचं. म्हणून सगळ्या हाका पाच मिनिटं अलीकडे. हाफला तुम्ही इमारतीत नसाल तर अंडरस्टडीची तयारी सुरू होते. ट्रेन रद्द झाली हे कारण चालत नाही.

एजंट १५ टक्के घेत असेल आणि त्यावर २० टक्के व्हॅट लागत असेल, तर हातातून १८ टक्के जातात. नाव नोंदवायला आधी पैसे मागणारा एजंट टाळा. स्वयंरोजगाराच्या कराचा पहिला दणका मोठा असतो. देणं एक हजार पौंडांच्या वर गेलं, की ३१ जानेवारीला बहुधा वर्षाचा पूर्ण कर आणि पुढच्या वर्षाचा अर्धा आगाऊ, असा दीडपट भरावा लागतो. प्रत्येक मानधनातला तिसरा हिस्सा वेगळ्या खात्यात टाका.

मुलीच्या शाळेचं. इथे पत्ता आधी, शाळा नंतर. वर्षाच्या मध्ये आलात तर जिथे जागा रिकामी तिथे प्रवेश. जवळची शाळा भरलेली असेल तर दूरची, आणि जवळचीच्या प्रतीक्षायादीत नाव. सहा वर्षांच्या पोराला दोनदा मैत्रिणी बदलायला लावणारी ही पद्धत माझ्या अजूनही पचनी पडलेली नाही. त्यात आई दौऱ्यावर म्हणजे आठवडाभर लीड्स, आठवडाभर बाथ. नवऱ्याशी याच मुद्द्यावर आधी बोला.

एकटेपणाचं विचारलंत. असतो. साडेदहाला प्रयोग सुटतो आणि सगळे शेवटच्या ट्रेनकडे पळतात, चहाला कुणी थांबत नाही. पुढे चला.

उच्चार. मराठीपण पुसू नका, पण इंग्रजी वळणही हातात ठेवा. ओठांपासून चार बोटांवर कागदाची पट्टी धरा आणि 'पीटर' म्हणा. आपल्या 'प'ने पट्टी हलत नाही; इंग्रजी शब्दाच्या सुरुवातीचा 'प' ती उडवतो, जवळजवळ 'फळ'मधल्या अस्सल मराठी 'फ'सारखा. मग 'व'. इंग्रजीत द्राक्षाची वेल 'व्हाइन' (vine) आणि द्राक्षाची दारू 'वाइन' (wine). वेलीसाठी वरचे दात खालच्या ओठावर टेकवा, दारूसाठी ओठांचा चंबू करा. आरशासमोर रोज दहा मिनिटं, व्हिसाचा निकाल येईपर्यंत.