हंगेरीचा लास्लो लायता: पडद्यासाठी सिंफनी लिहिणारा संगीतकार

हंगेरीतले सुरुवातीचे चित्रपट-संगीतकार शोधायला गेलं की मिक्लोश रोझाच्या पुढे कोणी सापडत नाही, असं तुम्हाला वाटत असेल. रोझा मोठाच, तीन ऑस्कर आहेत त्याच्या नावावर. पण त्याचं चित्रपटांतलं नाव झालं ते लंडन आणि हॉलिवूडमध्ये. तुम्ही लास्लो लायता ऐका. १८९२ साली बुडापेस्टमध्ये जन्मला, १९६३ साली तिथेच गेला. चित्रपट त्याच्या वाट्याला मोजकेच आले, पण त्यातून जे संगीत निघालं ते पडद्याशिवायही स्वतःच्या पायावर उभं राहतं.

पहिला महत्त्वाचा चित्रपट 'होर्टोबाज', १९३६ सालचा. दिग्दर्शक गेओर्ग ह्योलरिंग मूळचा ऑस्ट्रियन. हंगेरीच्या पूर्वेकडच्या मोकळ्या गवताळ माळावर, तिथल्या खऱ्याखुऱ्या घोडेपाळांना घेऊन त्याने तो चित्रित केला. त्यात घोडी विताना दाखवली आहे, तीही काही आडपडदा न ठेवता. अशा चित्रपटाला शहरी, गोडगोड संगीत चाललंच नसतं. लायता तोवर वीसेक वर्षं बार्तोक आणि कोदाय या हंगेरियन संगीतकारांसारखाच खेडोपाडी फिरून लोकसंगीत गोळा करत होता. त्यामुळे हे काम त्याच्याकडे येणं अगदी योग्य होतं.

पुढे ह्योलरिंग लंडनला स्थायिक झाला आणि टी. एस. एलियटच्या 'मर्डर इन द कॅथीड्रल' या नाटकावर चित्रपट करायला घेतला. कँटरबरीचा आर्चबिशप बेकेट याची ११७० साली झालेली हत्या हा विषय. बेकेटची भूमिका एका खऱ्या पाद्रीने केली आणि नाटकात बेकेटला मोह घालायला चौघे येतात, त्यातल्या चौथ्याचा आवाज खुद्द एलियटचा. १९४७ साली लायताला लंडनला बोलावलं गेलं. प्रसंग मोजून तुकडे पाडून दे, असं ह्योलरिंगने सांगितलं नाही. त्याला हवी होती पूर्ण, स्वतंत्र मैफलीची संगीतरचना, आणि त्यातून लागेल तेवढं तो चित्रपटात वापरणार होता. यातून तिसरी सिंफनी, वाद्यवृंदासाठीची 'व्हेरिएशन्स' आणि बासरी, व्हायोलिन, व्हायोला, चेलो व हार्प यांचं दुसरं क्विंटेट अशा तीन रचना झाल्या. दिग्दर्शकाने संगीतकारावर इतका विश्वास टाकल्याची उदाहरणं फार थोडी आहेत. मला स्वतःला यातलं क्विंटेट सगळ्यात जवळचं वाटतं.

हे काम त्याला महागात पडलं. १९४८ साली हंगेरीत परतल्यावर नव्या कम्युनिस्ट राजवटीने त्याचा पासपोर्ट काढून घेतला, मोठ्या पदांवरूनही दूर केलं. मुलं परदेशात, हा बुडापेस्टमध्ये अडकलेला. १९५५ साली फ्रान्सच्या ललित कला अकादमीने त्याला सदस्यत्व दिलं, एकोणिसाव्या शतकातल्या फ्रान्झ लिस्टनंतर हा मान मिळालेला तो पहिला हंगेरियन संगीतकार. पण पासपोर्ट हातात पडला थेट १९६२ साली, आणि पुढच्याच फेब्रुवारीत तो वारला. दरम्यान मायदेशी त्याला १९५१ सालचा कोशुत हा सरकारी पुरस्कार मिळाला होता, तो लोकसंगीताच्या कामासाठी. संगीतकार म्हणून मात्र त्याला जवळजवळ गप्पच बसवलं होतं. हे वाचताना आजही चीड येते.

लोकसंगीताचं ते काम वेगळं काढून ठेवू नका. ट्रान्सिल्व्हेनियातल्या सेक या गावच्या वादकांचं वादन त्याने ध्वनिमुद्रित करून सबंध ताफ्याचं स्वरलेखन केलं आणि ते १९५४ साली प्रसिद्ध झालं. नुसती व्हायोलिनची चाल उतरवून घेऊन तो थांबला नाही. तिथल्या तीन तारांच्या व्हायोलाची घोडी, म्हणजे तारा जिच्यावर टेकतात ती पट्टी, सपाट असते, म्हणून गज एकदम तिन्ही तारांवर फिरतो आणि सलग कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारे सूर, निघतात. ती साथ आणि खालच्या सुरांचा बासही त्याने स्वरबद्ध केला. १९७२ पासून बुडापेस्टमध्ये तरुणांनी लोकनृत्याची चळवळ उभी केली, तेव्हा हेच कागद त्यांच्या उपयोगी पडले. चाल, साथ आणि बास एकत्र ऐकणारा हा कान त्याच्या वाद्यवृंदाच्या लेखनातही जाणवतो.

ऐकायचं कुठून? पेच शहराच्या वाद्यवृंदाने निकोलास पास्केच्या संचालनाखाली त्याच्या सिंफनी ध्वनिमुद्रित केल्या आहेत, नॅक्सोस या रेकॉर्ड कंपनीकडे मिळतात. आधी तिसरी ऐका, मग 'होर्टोबाज'च्या संगीतातून बांधलेली मालिका (सूट), आणि सातवी शेवटी ठेवा. ती हंगेरीतल्या १९५६ च्या सोव्हिएतविरोधी उठावानंतरची आहे, रात्री शांतपणे बसून ऐकण्यासारखी.