युद्ध संपत आलंय हे कळल्यावरही जवान जिवावर उदार का होतो?

तुमचा प्रश्न असा, की दोन दिवसांत सगळं थांबणार हे ठाऊक असताना साधा जवान जीव धोक्यात का घालतो. माझे वडील १९७१ साली पायदळात, पाकिस्तानातल्या शकरगढच्या आघाडीवर होते. नंतर ठाण्यात वागळे इस्टेटमधल्या एका कारखान्यात सिक्युरिटीला लागले. त्यांच्याकडून ऐकलेलं सांगतो.

१६ डिसेंबरला दुपारी साडेचारच्या सुमारास ढाक्यात पाकिस्तानी फौजेच्या शरणागतीवर सह्या झाल्या. पश्चिम आघाडीवर, म्हणजे बाबा होते तिकडे, युद्धबंदी लागू झाली ती १७ तारखेला रात्री आठला. मधले सत्तावीस-अठ्ठावीस तास कुणाच्या ध्यानातच येत नाहीत. शकरगढ भागातच बसंतर नदीपाशी सेकंड लेफ्टनंट अरुण खेत्रपाल १६ तारखेलाच शहीद झाले. तिथल्याच जरपाल गावाला १७ तारखेला पुन्हा मोठा प्रतिहल्ला आला आणि मेजर होशियार सिंग जबर जखमी असूनही युद्धबंदी होईपर्यंत मागे हटले नाहीत.

बाबा सांगायचे, ढाका पडल्याचं कळलं तेव्हा खंदकात आनंद झाला, पण समोरच्या तोफा काही बातम्या ऐकून थांबत नाहीत. हुकूम येईपर्यंत लढाई चालूच. आपण ढिले पडलो तर मार बसतो शेजारच्या गड्याला, आणि त्याच्याबरोबर तुम्ही इतके दिवस एका मगातून चहा प्यालेला असता. मला तरी यापेक्षा खरं उत्तर सापडलेलं नाही.

दुसऱ्या महायुद्धातले, नगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यातल्या निमजचे नामदेव जाधव आठवा. मराठा पलटणीतले शिपाई, कंपनी कमांडरचे रनर, म्हणजे निरोप पोचवणारे. ९ एप्रिल १९४५, इटलीतली सेनिओ नदी. बरोबरचे बहुतेक पडलेले. दोन जखमींना त्यांनी एकेक करून खोल पाण्यातून, उभ्या बांधावरून, सुरुंगांच्या पट्ट्यातून सुखरूप पोचवलं. मग परत फिरून मशीनगनची ठाणी मोडली. हाताला गोळी लागल्यावर बंदूक टाकून हातबॉम्ब घेतले. शेवटी बांधावर चढून शिवाजी महाराजांच्या नावाचा जयजयकार केला. व्हिक्टोरिया क्रॉस, म्हणजे ब्रिटिशांचं सर्वोच्च शौर्यपदक मिळालं. इटलीतली जर्मन फौज शरण आली २ मे रोजी, म्हणजे जेमतेम तीन आठवड्यांनी. त्या दोन जखमींना तीन आठवडे थांबा असं कोण सांगणार होतं?

आणि 'शेवटचा दिवस' जवानासाठी शेवटचा नसतोच. १७ तारखेला आठ वाजून गेले तरी बाबांच्या खंदकातून कुणी डोकं वर काढेना. पुढे सुरुंग काढायचं काम होतंच. जुलै १९७२ मध्ये सिमला करार झाला, पण शकरगढचा ताब्यातला मुलूख सोडून फौज मागे यायला डिसेंबर उजाडला.